रडणारी मुलगी मोठी होते : मे व्हिटमनचा चेहरा आणि आवाज



आजचा विषय मी संयोजकांना फोनवर कळवला, तेव्हा पलीकडे क्षणभर शांतता पसरली. मग त्यांनी जपून विचारलं, "मे व्हिटमन? म्हणजे... ही कोण?" मला हसू आलं आणि ते बिचारे ओशाळले. त्यांची चूक काहीच नव्हती. झालं असं, की हाच प्रश्न या बाईच्या कारकिर्दीत एका गाजलेल्या मालिकेत विनोद म्हणून पुन्हा पुन्हा वापरला गेलाय. एक पात्र तिच्याबद्दल ऐकतं आणि म्हणतं, "ही?" बस, एवढाच विनोद. प्रेक्षक हसतात. तेव्हा संयोजकांनी माझ्या व्याख्यानाचं पहिलं वाक्य मला फुकटात देऊन टाकलं. (हशा)

तर ही कोण?

मे व्हिटमन ही अमेरिकन अभिनेत्री. नाव मे, जन्म मात्र जूनचा. ९ जून १९८८, लॉस एंजेलिस. आई पॅट म्युझिक स्वतः आवाजाचं काम करणारी कलाकार. 'अॅन अमेरिकन टेल' या १९८६च्या चित्रपटात तिनं एका उंदराला आवाज दिला होता. म्हणजे रेकॉर्डिंगचा बूथ या मुलीला घरच्यासारखाच. तिनं अगदी लहानपणी पहिलं काम केलं, तेही एका जाहिरातीला आवाज देण्याचं. आवाज आधी, चेहरा नंतर. हा क्रम लक्षात ठेवा, तो आपल्याला पुढे लागणार आहे.

तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी तिला पाहिलंय, फक्त नाव माहीत नाही. 'इंडिपेन्डन्स डे'मधली राष्ट्राध्यक्षांची चिमुरडी मुलगी आठवते? ती ही. कार्टून नेटवर्कवरच्या 'जॉनी ब्राव्हो'मधली शेजारची लहानगी सूझी? मूळ इंग्रजीतला तिचा आवाज हिचा. 'अवतार : द लास्ट एअरबेंडर'मधली कटारा? पुन्हा हीच.

तिच्याबद्दल सहसा जी गोष्ट सांगितली जाते ती अशी. गोड बालकलाकार होती, मोठी झाली, 'इंडिपेन्डन्स डे'चा दुसरा भाग आला तेव्हा निर्मात्यांनी तिच्याच भूमिकेत दुसऱ्या मुलीला घेतलं. अन्याय झाला. ही गोष्ट खरी आहे आणि मी ती आज सांगणारच आहे. पण तेवढीच सांगितली तर तिनं केलेलं काम बाजूला राहतं आणि तिच्यावर झालेला अन्यायच तिची ओळख बनतो. मला आज तिच्या कामाबद्दल बोलायचं आहे. माझं म्हणणं थोडक्यात असं आहे, की या मुलीला लहानपणी रडण्यासाठी कामावर घेतलं गेलं, आणि पुढची वीस वर्षं ती रडणं आवरायला शिकत गेली. हे शिक्षण बरंचसं बूथमध्ये झालं, जिथे तिचा चेहरा कुणी पाहत नव्हतं.

आता सुरुवातीपासून जाऊ.

१९९४ साली 'व्हेन अ मॅन लव्ह्ज अ वुमन' आला. मेग रायन दारूच्या व्यसनात अडकलेली आई, आणि मे तिची धाकटी मुलगी. १९९६ मध्ये लागोपाठ दोन चित्रपट. 'वन फाइन डे'मध्ये जॉर्ज क्लूनीची मुलगी आणि 'इंडिपेन्डन्स डे'मध्ये बिल पुलमनची. १९९८ मध्ये फॉरेस्ट व्हिटेकरनं दिग्दर्शित केलेला 'होप फ्लोट्स', त्यात सँड्रा बुलकची मुलगी. बघा, चारही चित्रपटांत ती कुणाची तरी मुलगी आहे. बालकलाकाराला हॉलिवूड हेच काम देतं. मोठ्यांचं दुःख प्रेक्षकाला कळावं म्हणून शेजारी एक लहान चेहरा उभा करतात.

'इंडिपेन्डन्स डे'मधला एक प्रसंग आठवा. परग्रहवासीयांच्या हल्ल्यात जखमी झालेली आई दवाखान्यात गेली आहे. बाप खोलीतून बाहेर येतो. मुलगी विचारते, आई झोपली का. तो हो म्हणतो. दिग्दर्शक रोलंड एमरिखच्या या चित्रपटात शहरंच्या शहरं बेचिराख होतात, पण आतड्याला पीळ पडतो तो इथे. आणि इथे मुलगी रडत नाही. तिला कळलेलंच नाही. रडायचं काम प्रेक्षकाकडे सोपवलंय.

'होप फ्लोट्स'मध्ये उलट. बाप घर सोडून निघालाय, मुलगी आपली सूटकेस घेऊन त्याच्यामागे धावते, मला घेऊन चला म्हणून गाडीला बिलगते, आणि तो निघून जातो. तो आक्रोश ज्यांनी ऐकलाय ते विसरू शकत नाहीत. लहान मुलगी आहे ती. मी तो प्रसंग विद्यार्थ्यांना दाखवते तेव्हा आधी चित्रासकट दाखवते आणि मग पडदा बंद करून नुसता आवाज ऐकवते. तुम्हीही घरी करून बघा. आवाज एकटा जास्त लागतो. चेहरा असताना आपण "किती छान अभिनय करते" असं म्हणू शकतो. नुसता आवाज आला की ते अंतर राहत नाही.

इथे एक अडचणीचा प्रश्न आहे. एवढ्या लहान मुलीला सांगेल तेव्हा असं रडता यावं, ही अपेक्षा आपण कशाच्या जोरावर करतो? कॅलिफोर्नियात १९३९ पासून बालकलाकारांसाठी कायदा आहे. जॅकी कूगन या मूकपटांच्या काळातल्या बालनटाची कमाई घरच्यांनीच उडवली, त्यातून तो आला. आज त्या कायद्यानं मुलाच्या मिळकतीतले १५ टक्के बाजूला ठेवावे लागतात. चांगलं आहे. पैशाची तजवीज झाली. ते रडणं मात्र कुठे बाजूला ठेवायचं, याची सोय कुठलाच कायदा करू शकत नाही. ते कलाकाराला स्वतःच काहीतरी करून निभवावं लागतं. तेव्हा तिनं काय केलं, हे पाहू.

याच वर्षांत समांतर दुसरं काम चालू होतं. १९९७ मध्ये 'जॉनी ब्राव्हो' सुरू झालं. त्यातली सूझी फार हुशार, फार बडबडी. आडदांड जॉनीला ती सहज गुंडाळते. म्हणजे पडद्यावर ज्या वयात ती मोठ्यांच्या दुःखाचं माप म्हणून उभी होती, त्याच वयात बूथमध्ये ती मोठ्यांची खिल्ली उडवत होती. २००३ मध्ये 'द जंगल बुक २' आला. १९६७च्या मूळ चित्रपटाच्या शेवटी घागर घेऊन येणारी आणि मोगलीला गावात ओढून नेणारी एक मुलगी आहे, तिला नावसुद्धा नव्हतं. या दुसऱ्या भागात तिला नाव मिळालं, शांती. आवाज मे व्हिटमनचा. आपल्या गावच्या मुलीला कॅलिफोर्नियाचा आवाज! हा मुद्दा इथे ठेवून देते, परत येईन.

मग मुली मोठ्या होतात तसं झालं. २००१ मध्ये 'स्टेट ऑफ ग्रेस' नावाची एक फार सुंदर, आता जवळपास विसरलेली मालिका आली. १९६०च्या दशकातल्या दोन शाळकरी मैत्रिणींची गोष्ट. एक मे व्हिटमन, दुसरी आलिया शौकत. त्यानंतर दोघी भेटल्या 'अरेस्टेड डेव्हलपमेंट'मध्ये, आणि इथे आपला तो विनोद येतो.

या मालिकेत अॅन नावाचं पात्र आहे, घरातल्या जॉर्ज मायकल या मुलाची मैत्रीण. त्याच्या बापाला ती कधी लक्षातच राहत नाही. नाव चुकवतो, तिला अंडं म्हणतो, आणि दर वेळी "ही?" असं विचारतो. गंमत अशी, की पहिल्या पर्वात अॅन दुसऱ्याच अभिनेत्रीनं केली होती, अलेसांद्रा टोरेसानीनं. पुढच्या पर्वापासून मे आली. म्हणजे जी मुलगी कुणाच्या लक्षात राहत नाही, तिचा चेहरा बदलला तरी मालिका बेधडक पुढे गेली. विनोद म्हणून हे अचूक आहे. तिनंही तो अचूक केला. सपाट आवाज, भावनेचा टिपूस नाही, वाक्य संपलं की नाही तेही कळू नये असं बोलणं. 'होप फ्लोट्स'मधली तीच मुलगी असं बोलू शकते, यावरून नियंत्रण कळतं. पण विनोदाच्या मुळाशी काय आहे ते बघा. ही मुलगी दिसायला साधारण आहे, एवढंच. सोळा वर्षांच्या मुलीला हे काम मिळतं तेव्हा तिला नेमकं काय सांगितलं जात असतं?

आणि त्याच वेळी, अगदी त्याच काळात, २१ फेब्रुवारी २००५ रोजी निकेलोडियनवर 'अवतार : द लास्ट एअरबेंडर'चा पहिला भाग लागला.

ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी चार शब्द. पाणी, पृथ्वी, अग्नी आणि वायू यांवर हुकमत चालवणाऱ्या चार लोकसमूहांची ही गोष्ट. अग्निराष्ट्रानं बाकीच्यांवर युद्ध लादलंय. दक्षिण ध्रुवावरच्या पाण्याच्या टोळीतली चौदा वर्षांची कटारा ही मुख्य पात्रांपैकी एक. तिच्या आईला शत्रूच्या एका सैनिकानं मारलंय, आणि त्या दिवसापासून ही मुलगी घरातली आई झालीय. भावाची, टोळीची, पुढे साऱ्या मित्रांची. तीन पर्वं, ६१ भाग, २००८ पर्यंत. आणि प्रत्येक भागाच्या सुरुवातीला गोष्टीची पार्श्वभूमी सांगणारा आवाज कटाराचा असतो. म्हणजे एका वाहिनीवर जिला "ही?" म्हणत होते, तीच दुसऱ्या वाहिनीवर सगळ्या जगाची गोष्ट सांगत होती.

तिसऱ्या पर्वातले तीन भाग मी मुद्दाम घेते, कारण माझा सगळा मुद्दा त्यात आहे.

आठवा भाग, 'द पपेटमास्टर'. एक म्हातारी कटाराला माणसाच्या शरीरातल्या रक्तावर हुकमत कशी चालवायची ते शिकवते. कटाराला ती विद्या नको आहे. पण मित्रांना वाचवण्यासाठी तिला ती वापरावीच लागते. म्हातारी हरते आणि तरी जिंकते, कारण आता तिची विद्या पुढे चालू राहणार. शेवटी कटारा रडते. हे रडणं 'होप फ्लोट्स'मधल्यासारखं मागणं मांडणारं नाही. ते स्वतःची भीती वाटून आलेलं रडणं आहे. आत कोंडलेलं, तोंडावर हात दाबल्यासारखं.

सोळावा भाग, 'द सदर्न रेडर्स'. कटारा आईच्या मारेकऱ्याला शोधत जाते. तो आता म्हातारा, दरिद्री, आईच्या धाकात राहणारा माणूस आहे. पाऊस पडतोय. ती तो पाऊस थांबवते, त्याचे बर्फाचे सुरे करते, त्याच्यावर सोडते आणि त्याच्या अंगाजवळ थांबवते. मारत नाही. माफही करत नाही. पुढे मित्र विचारतो तेव्हा ती स्पष्ट सांगते की तिनं त्याला क्षमा केलेली नाही. मुलांच्या कार्यक्रमात एवढी प्रामाणिक गोष्ट मी फार कमी वेळा ऐकलीय. आपल्याला सवय असते, शेवटी सगळं पोटात घालायचं. इथे मालिका म्हणते, सूड न घेणं वेगळं आणि क्षमा वेगळी. लिहिलंय चांगलं, यात शंका नाही. पण ते पेललंय आवाजानं. या प्रसंगात मे व्हिटमन आवाज वर नेत नाही, खाली आणते. आपल्याला वाटत राहतं की आता फुटेल, आता फुटेल, आणि तो फुटत नाही. ज्या मुलीचं सगळं बालपण फुटणाऱ्या आवाजावर उभं होतं, तिनं वीस वर्षांची झाल्यावर तो रोखून धरला. मला हा तिच्या अभिनयातला सर्वोच्च क्षण वाटतो, आणि त्यात तिचा चेहरा नाही.

आणि लगेच सतरावा भाग, 'द एम्बर आयलंड प्लेअर्स'. मित्रमंडळी स्वतःवरच बसवलेलं एक भिकार नाटक बघायला जातात. त्यात कटाराची भूमिका करणारी नटी सारखी आशेवर भाषणं देते आणि हमसून हमसून रडते. कटारा प्रेक्षागृहात बसून चिडते, मी अशी नाहीये म्हणून. लेखकांचा हा गमतीचा खेळ आहे, पण क्रम बघा. आदल्या भागात तिनं रडणं रोखलं, आणि पुढच्याच भागात जग तिला रडूबाई म्हणून रंगवतंय. बाईनं कितीही आवरलं तरी आठवण राहते ती रडण्याचीच. हे कटाराबद्दल खरं आहे. मला वाटतं, हे बालकलाकारांबद्दलही खरं आहे.

याच वर्षी, २००८ मध्ये, डिस्नेनं टिंकर बेलवर स्वतंत्र चित्रपट काढला. ही 'पीटर पॅन'मधली छोटी परी. १९०४च्या नाटकात ती रंगमंचावर नाचणारा प्रकाशाचा ठिपका आणि घंटीचा आवाज एवढीच होती. १९५३च्या डिस्नेच्या चित्रपटात तिला चेहरा आला, चांगला देखणा, पण बोलणं नाही, घंटीच. २००८ मध्ये ती डिस्नेच्या चित्रपटात पहिल्यांदा बोलली, मे व्हिटमनच्या आवाजात. मग एकामागून एक सहा चित्रपट झाले. हे काम कटाराच्या तोडीचं नाही, हे कबूल करायला हवं. साधे, लहानग्यांसाठीचे चित्रपट आहेत. पण एक योगायोग मला विचार करायला लावतो. पन्नासहून जास्त वर्षं एका देखण्या पात्राला आवाजाची गरज डिस्नेला वाटली नाही. आणि जिला आवाज होता तिच्या चेहऱ्याबद्दल दुसरीकडे विनोद चालू होते.

इथे कुणी म्हणेल, बरं झालं की, तिला तिची जागा सापडली, चेहरा राहू दे, आवाज आहे ना. या युक्तिवादापासून मी तुम्हाला सावध करते. त्याचं उत्तर आहे 'पेरेन्टहुड'. २०१० ते २०१५, सहा पर्वं, एका मोठ्या कुटुंबाची गोष्ट. त्यात मे झाली अँबर. हुशार, बंडखोर, सारखी चुकणारी मुलगी. दुसऱ्या पर्वात मित्राबरोबर गाडीत असताना अपघात होतो आणि ती मरता मरता वाचते. बरी झाल्यावर आजोबा, म्हणजे क्रेग टी. नेल्सन, तिला भंगारात पडलेली ती चेपलेली गाडी दाखवायला नेतात. बोलतात ते. ती ऐकते. आणि त्या ऐकण्यात चेहऱ्यावर काय काय येऊन जातं ते बघण्यासारखं आहे. रडू येतं, पण ते आजोबांना दाखवण्यासाठी नाही. उलट त्यांच्यापासून लपवता आलं तर बरं, असं रडू आहे. बूथमध्ये कमावलेला संयम इथे चेहऱ्यावर उतरला. तेव्हा आवाजाचं काम ही तिची पळवाट नव्हती. ती तालीम होती, आणि तालमीचा फायदा पडद्याला झाला.

पडद्यानं त्याबदल्यात काय दिलं? २०१५ मध्ये एक चित्रपट मिळाला, प्रमुख भूमिकेचा. 'द डफ'. हे आद्याक्षरांचं नाव आहे. अर्थ असा, की मैत्रिणींच्या घोळक्यात जी कुरूप आणि जाडी म्हणून ठरवून टाकलेली असते, जिच्यामुळे बाकीच्या उठून दिसतात, ती. चित्रपट या लेबलाच्या विरोधात आहे, चांगल्या मनाचा आहे, आणि ती त्यात धमाल करते. पण नायिका व्हायची अट काय, तर आधी पोस्टरवर ते लेबल लावून उभं राहायचं!

आणि २०१६ मध्ये 'इंडिपेन्डन्स डे : रिसर्जन्स'. दिग्दर्शक तोच. बिल पुलमन परत आला, जेफ गोल्डब्लूम परत आला, जड हर्श, ब्रेंट स्पायनर, विविका फॉक्स सगळे परत आले. राष्ट्राध्यक्षांची मुलगी पॅट्रिशिया मात्र माइका मन्रोनं केली. नीट सांगायचं तर दुसऱ्या एका मुलाची भूमिकाही बदलली. पहिल्या भागातल्या रॉस बॅग्लीच्या जागी जेसी अशर आला. म्हणजे नियम असा दिसतो, की मोठी माणसं म्हातारी झाली तरी तीच राहतात, आणि मुलं मोठी झाली की बदलता येतात. पुरुषाच्या सुरकुत्या म्हणजे सातत्य, आणि मोठी झालेली मुलगी म्हणजे नव्यानं शोधायची गोष्ट. मे तेव्हा सहा पर्वं एका राष्ट्रीय वाहिनीवर उत्तम काम करून मोकळी झाली होती. कुवतीचा प्रश्न नव्हता. तेव्हा यावर बरीच टीका झाली. माइका मन्रोचा यात दोष नाही, तीही चांगली अभिनेत्री आहे. पण "ही?" हा विनोद आता मालिकेतून बाहेर येऊन भूमिकावाटपाच्या टेबलावर बसला होता.

आता आपल्याकडे वळते, कारण चेहरा एकाचा आणि आवाज दुसऱ्याचा, हे आपल्याला काही नवीन नाही. १९३५च्या 'धूप छाँव'पासून आपण पार्श्वगायन ऐकतोय. साठीच्या लताबाईंचा आवाज विशीतल्या नायिकेच्या ओठांवर आला तर आपल्याला खटकलं नाही. त्याही आधी, वय झालेले बालगंधर्व भामिनी किंवा रुक्मिणी होऊन उभे राहत, आणि प्रेक्षक डोळ्यांनी दिसणारं बाजूला ठेवून कानांवर विश्वास टाकत. आपण या बाबतीत तयार प्रेक्षक आहोत. मग आपण आवाजाला मान देतो का? गाणाऱ्या आवाजाला देतो. बोलणाऱ्याला नाही. 'जॉनी ब्राव्हो' आपण हिंदीत बघितलं. त्या हिंदी सूझीचा आवाज कुणाचा होता, हे आपण कधी विचारलं? मेचा आवाज तर आपल्यापर्यंत पोचलाच नाही, आणि ज्यांचा पोचला त्यांची नावं आपण विचारली नाहीत. संयोजकांनी निदान "ही कोण" विचारलं तरी. (हशा)

आणि आता शांतीकडे परत येते, कारण प्रेमापोटी ही बाजू झाकणं बरं नाही. कटारा सावळी आहे, तिच्या टोळीच्या राहणीमागे उत्तर ध्रुवाकडच्या इनुइट लोकांची प्रेरणा आहे. शांती भारतीय. दोघींना आवाज एका गोऱ्या मुलीचा. 'द सिम्प्सन्स'मधल्या अपू या भारतीय दुकानदाराचा आवाज हँक अझारिया देत होता. हरी कोंडाबोलूनं २०१७ मध्ये त्यावर माहितीपट केला, आणि २०२० मध्ये अझारियानं ते काम सोडल्याचं सांगितलं. त्याच वर्षी जेनी स्लेट आणि क्रिस्टन बेल यांनी मिश्रवंशीय पात्रांचा आवाज देणं थांबवलं. मेनं कटाराची टिंगल केली नाही, अपूसारखी हेल काढण्याची गंमत तिथे नाही, हा फरक मोठा आहे. तरी प्रश्न उरतो. चेहऱ्यापासून सुटका होऊन तिला बूथमध्ये जी मोकळीक मिळाली, ती त्याच बूथच्या दाराशी उभ्या असलेल्या दुसऱ्या कुणाला मिळाली होती का? २०२४च्या नेटफ्लिक्सच्या मालिकेत कटारा झाली कियावेन्टियो, मोहॉक समाजातली मुलगी. मला ते योग्य वाटतं. आणि त्यामुळे २००८च्या त्या आवाजाची किंमत कमी होत नाही. दोन्ही गोष्टी एकदम मानता आल्या पाहिजेत. समीक्षेचं काम तेच आहे.

शेवट करते. २०२० ते २०२३ या काळात 'द आउल हाउस' या डिस्नेच्या मालिकेत तिनं अॅमिटीला आवाज दिला. कडक, गर्विष्ठ वाटणारी मुलगी, जी हळूहळू दुसऱ्या मुलीच्या प्रेमात पडते. ऑगस्ट २०२१ मध्ये मेनं या मालिकेचा अभिमान व्यक्त करताना स्वतःच्या लैंगिक ओळखीबद्दल जाहीरपणे लिहिलं. लक्षात घ्या, एका रेखाटलेल्या मुलीला आवाज देता देता तिनं स्वतःबद्दल स्वतःच्या नावानं सांगितलं. २०२३ मध्ये 'अप हिअर' या संगीत मालिकेत ती नायिका झाली. चेहरा तिचा, बोलणं तिचं, गाणंही तिचं. ही मालिका थोर नव्हती. पण आवाज आणि चेहरा कुणी तरी एकत्र ठेवला, याचं मला बरं वाटलं.

एखादा प्रश्न असेल तर घेऊ.

श्रोता : तुमचं बोलणं ऐकून वाटलं, की मुलांना पडद्यावर आणूच नये. तसं म्हणायचंय का?

नाही. 'होप फ्लोट्स'मधला तो आक्रोश नसता तर आपण एका चांगल्या गोष्टीला मुकलो असतो, हे मी नाकारू शकत नाही. माझी मागणी लहान आहे. मुलाकडून रडणं घेतलं असेल, तर ते मूल मोठं झाल्यावर काय करतंय तेही बघायला जावं. तिच्या बाबतीत बघायला जायचं म्हणजे बऱ्याचदा डोळे मिटून ऐकायचं. आज घरी गेल्यावर 'द सदर्न रेडर्स' लावा. शक्य असेल तर मूळ इंग्रजीत. पावसाचा प्रसंग आला की डोळे मिटा. आणि नंतर घरात कुणी विचारलं, "ही कोण?", तर नाव सांगा.